मागच्या दाराची दुपार

१

बाराला पाच कमी असताना सावली-कचेरीत घंटा व्हायची, आणि मग पाव तास तिथे कोणी शिंकायचंसुद्धा नाही.

माणूस आजारी पडला किंवा लांबच्या प्रवासाला निघाला, की घरचे त्याला धरून कचेरीत आणायचे. जाणारा जातोच, निदान त्याची सावली भिंतीवर राहू दे, एवढीच इच्छा. लेखनिक फरशीवर कापडाचा पट अंथरायचे, माणसाला त्यावर उभं करायचे आणि पडलेल्या सावलीची कड बोरूने लिहून काढायचे. कड म्हणजे रेघ नव्हे, मुंगीएवढ्या अक्षरांची ओळ. माणूस कसा उभा आहे, भार कुठल्या पायावर, हात कुठे, मान कशी, हेच शब्द कडेकडेने जायचे. हात भराभर चालवावा लागे. सावली काही पाहुणी नव्हे, बस म्हटलं की बसायला.

एका पटावर तीन बैठका. सकाळची तांबड्या शाईत, दुपारची काळ्या, संध्याकाळची निळ्या. ज्या वेळची शाई त्याच वेळी दिसायची, बाकीच्या दोन गडप. असं का, ते कोणी विचारत नसे. साखर पाण्यात का विरघळते ते तरी कोण विचारतं?

दुपारची बैठक सगळ्यांत अवघड. छताच्या मोठ्या काचेतून ऊन सरळ खाली यायचं आणि सावली माणसाच्या तळव्यांशी गोळा व्हायची. ती लिहायची तर लेखनिकाला माणसाच्या पायाशी गुडघे टेकून बसावं लागे. राजा असो की हमाल, दुपारी लेखनिक पायाशी. हा धंद्याचा पहिला धडा.

थोरली या कचेरीत बत्तीस वर्षं होती. आता तिला सगळे मोठ्या बाई म्हणत. दुपारची बैठक संपली, माणसं जेवायला उठली, की मागचं दार ती स्वतःच्या हाताने लावायची. त्या दिवशीही ती लावायला गेली.

दारातल्या पायरीवर एक सावली पडली होती. आखूड, दुपारची. वर माणूस नव्हता.

२

थोरली काही भुताखेतांना भिणारी नव्हे. सावल्यांत जन्म गेला तिचा. हलवाई जिलबीला भ्यायला तर झालंच! तिने वर बघितलं. छपराला काही लटकत नव्हतं. दोरीवर कपडे नव्हते. समोरच्या भिंतीवर मांजर नव्हतं. "डोळे," ती स्वतःशी म्हणाली, "डोळ्यांचं वय झालं." आणि दार लावून घेतलं. कडी मात्र रोजच्यापेक्षा जोरात बसली.

दुसऱ्या दिवशी सावली तिथेच. तिसऱ्या दिवशीही. शिवाय तिच्याशेजारी पायरीचा दगड ओला झालेला. तळहाताएवढा डाग. ती बघत असतानाच एक थेंब पडला, टप्. कुठून पडला ते दिसलं नाही. वरचं आभाळ भाजल्या मडक्यासारखं कोरडं होतं.

कचेरीत शाई घोटणारा एक म्हातारा होता. बाईंच्या आधीपासूनचा, त्यामुळे तोंडाला कुलूप नाही. तिने त्याला सहज विचारावं तसं विचारलं, "मागच्या पायरीवर पाणी कोण सांडतं हो?"

"मला काय विचारता बाई? मी तिथनं जायचंच सोडलंय."

"का?"

"दुपारी तिथे कोणीतरी वाट बघत असल्यासारखं वाटतं." म्हाताऱ्याने खलबत्त्यातून मान वर केली नाही. "आणि वाट बघणाऱ्याच्या अंगावरून जाऊ नये. त्याला आत बोलावून बसवलेलं बरं."

"वय झालं तुमचं."

"झालंच की. तुमचं तेवढं राहिलंय."

थोरली हसली. हसताना तिची नजर त्या सावलीच्या पायांवर जाऊन आली होती, ते तिने कोणाला सांगितलं नाही. लेखनिक सावली पायापासून वाचतो. उजवं पाऊल सरळ होतं. डावं उजव्याच्या मागे दडवलेलं होतं.

तसं उभं राहणारं माणूस तिच्या ओळखीत एकच होतं, आणि ते जाऊन आठ महिने झाले होते.

३

धाकटी तिची सख्खी बहीण. लहानपणी डावा पाय आखडला, तो तसाच राहिला. चालताना चप्पल फरशीवर घासायची, फर्रर्र टक्, फर्रर्र टक्. चार घरची भांडी घासून तिने एकटीने लेक वाढवली. हात कायम ओले, साबणाचा वास बोटांत मुरलेला. कोणी परकं आलं की डावं पाऊल उजव्यामागे घ्यायची, जसं फाटकं पांघरूण पाहुण्यांपुढे आत सारतात.

पण तोंड? तोंडाला मात्र कसली लाज नव्हती. थोरलीला लहानपणी बारा महिने सर्दी असायची म्हणून धाकटी तिला "शेंबडे" म्हणायची. थोरली पन्नाशीला आली, कचेरीची मोठी बाई झाली, तरी भर रस्त्यात हाक यायची, "ए शेंबडे! जेवलीस का?"

धाकटी गेल्यावर तिची लेक एकटी राहिली. वीस वर्षांची, कापडाच्या दुकानात कामाला. थोरली दर सुट्टीला भाचीकडे जायची. काही ना काही बांधून न्यायची, केसांवरून हात फिरवायची. आणि नेहमी संध्याकाळीच जायची. भिंतीवर धाकटीचा पट असायचा. निळ्या शाईतली धाकटी कमरेवर हात ठेवून ऐसपैस उभी. तिच्याकडे बघता यायचं.

"सकाळीच ये ना मावशी, दुपारी मिळून जेवू," भाची म्हणायची.

"ऊन सोसत नाही गं आताशा."

छताच्या काचेखाली बत्तीस वर्षं उन्हात बसलेल्या बाईला ऊन सोसत नव्हतं! भाचीने कधी उलट विचारलं नाही. चांगली पोर होती.

पण त्या आठवड्यात भाचीचा निरोप आला. रविवारी बाराच्या आत ये. विचारायचं आहे.

४

खोली एवढीशी. एक खाट, एक चूल, एक खिडकी. खिडकीसमोरच्या भिंतीवर पट. थोरली पोचली तेव्हा तांबडी शाई फिकट होत चालली होती. भाचीने दोन ताटं मांडली होती, पण वाढलं नव्हतं.

"बस. आता येईल."

कोण, ते विचारायची गरज नव्हती. दोघी भिंतीकडे तोंड करून बसल्या. गल्लीत कोणीतरी बादली आपटली. मग तांबडं पार विझलं आणि पटाच्या तळाशी काळं उमटायला लागलं. आधी पावलं. पावलांच्या टाचा बघणाऱ्याकडे होत्या. मग त्यांच्यावर एक गोळा, पुढे झुकलेला.

"बघितलंस?" भाची म्हणाली. "सकाळी माझ्याकडे बघून उभी असते. संध्याकाळी पण. दुपारी पाठ फिरवते. आठ महिने रोज."

"दुपारची सावली बाळा... ती गोळाच असते. पुढं-मागं काही कळत नाही तिच्यात."

"पावलांवरून कळतं. आणि अक्षरं आहेत ना! तूच शिकवलंस मला वाचायला." ती उठली, पटापाशी गेली आणि बोट न लावता कडेकडेने वाचत गेली. "'वाकलेली. घाईत. दाराकडे पाठ. तोंड लपवते.'" मग वळली. "ही तुझी अक्षरं आहेत. तू तिच्या पायाशी बसली होतीस. तूच सांग, आई तोंड का लपवत होती?"

थोरलीचा हात ताटाच्या कडेवर फिरत राहिला. बत्तीस वर्षांची सवय वाईट. मन कितीही खोटं बोलो, बोरू जे दिसेल तेच लिहितो.

"मी त्या दिवशी तिच्याबरोबर आले नाही," भाची म्हणाली. "दुकानातून सुट्टी मागायची लाज वाटली. मालक म्हणाले असते, भांडीवालीची कसली सावली लिहिता. म्हणून रागावली ना माझ्यावर? तुझ्याजवळ बोलली असेल. सांग की!"

खरं सांगायची वेळ हीच होती. तोंडाशी आलेलं होतं.

"शाई जुनी होती," थोरली म्हणाली. "जुन्या शाईत अक्षरं फुटतात. काहीच्या काही दिसतं."

भाचीने ऐकलं. मान हलवली. ताटं वाढली. मग म्हणाली, "उद्या पट काढून धुऊन टाकणार आहे. मला नाही बघवत. तिला माझं तोंड बघायचं नाही, तर मी कशाला टांगून ठेवू?"

"अगं, धुतलास तर सकाळ-संध्याकाळपण जाईल!"

"जाऊ दे."

थोरलीने घास परत ताटात ठेवला. पाणी प्यायला मान वर केली तेव्हा भिंतीवरचा काळा गोळा तिला दिसला. त्या वाकण्यातली पाठ, उजवा खांदा किंचित वर. बोरू धरून धरून वर झालेला खांदा.

५

निघाली ती घराकडे, पण पाय घराकडे नेईनात. वाटेतल्या हौदाच्या कठड्यावर ती बसली आणि तो दिवस डोळ्यांपुढून काही केल्या हटेना.

त्या दिवशी सकाळची बैठक सुरेख झाली होती. धाकटीचा श्वास लागत होता, तरी उभी राहिली, वर गमतीही केल्या. "नाक जरा छोटं लिही गं, लिहिताना कोण बघायला येतंय!" मग दुपारी बारा वाजायला आले आणि दारात बग्गी थांबली. न्यायाधीशांच्या बाई, रेशमी छत्रीसकट. "आमची बैठक आत्ताच घ्या."

दालन भरलेलं. बाकांवर माणसं. आणि मधोमध उन्हात, पट पायाखाली घेऊन, धाकटी. सगळ्यांना ऐकू जाईल अशी म्हणाली, "ए शेंबडे, बसतेस ना पायाशी? बघ हं, पाय धुऊन आलेय!"

बाकावर कोणीतरी फिस्सकन हसलं. न्यायाधीशीणबाईंच्या भुवया वर गेल्या. आणि थोरलीने बहिणीला कोपरापाशी धरलं, माशी बाजूला करावी तसं, आणि दबक्या आवाजात म्हणाली, "मागच्या दाराशी थांब. मी बोलावते."

धाकटीने एकदा तिच्याकडे बघितलं. डावं पाऊल उजव्यामागे गेलं. सख्ख्या बहिणीपुढे पहिल्यांदाच.

"होऊ दे त्यांचं," ती म्हणाली. "मी थांबते. मला काय घाई?"

फर्रर्र टक्, फर्रर्र टक्, मागच्या दारापर्यंत.

थोरली न्यायाधीशीणबाईंच्या पायाशी बसली. बसायला अगदी सोपं गेलं. त्यांची बैठक संपली तेव्हा उन्हाची दोन-तीन मिनिटं उरली होती, पण बाई उठल्या नाहीत, बाकावर बसून वारा घेत राहिल्या. आता त्यांच्यासमोर त्या ओल्या हातांच्या, फरफटत्या पायाच्या बाईपुढे गुडघे टेकायचे? थोरलीने धाकटीचा पट ओढला, स्वतःच त्यावर उभी राहिली, सगळ्यांकडे पाठ करून वाकली आणि आपल्याच सावलीची कड भराभर लिहून काढली. नाहीतरी दुपारचा गोळा. सख्ख्या बहिणी. कोणाला कळतंय?

"हा कोणाचा पट?" न्यायाधीशीणबाईंनी मागून विचारलं.

"आहे एक," थोरली म्हणाली. "भांडी घासणारी."

मागचं दार उघडंच होतं.

संध्याकाळच्या बैठकीला धाकटी आली. पटाकडे बघून म्हणाली, "दुपारचं राहिलं ना गं?"

"झालं ते. आठवणीवरून केलं मी."

"बरं," धाकटी म्हणाली. "तुला ठाऊक." आणि कमरेवर हात ठेवून उभी राहिली. बाराव्या दिवशी गेली.

हौदावर पाणी भरणाऱ्या बायकांनी थोरलीला विचारलं, "बरं वाटत नाही का आजी?" तिने तोंड लपवलं. लपवताना तिला कळलं की ती अगदी पटावरच्यासारखी वाकली आहे.

६

संध्याकाळ व्हायच्या आत ती परत गेली. भाचीने दार उघडलं. पट भिंतीवरून उतरवून खाटेवर गुंडाळून ठेवला होता. उद्यासाठी बादलीत पाणी काढून ठेवलेलं होतं.

थोरली उंबऱ्याच्या आत आली नाही. तिथेच उभ्याने तिने सगळं सांगितलं. बग्गी, छत्री, कोपर, मागचं दार. "भांडी घासणारी" हा शब्दसुद्धा गिळला नाही. "दुपारची ती तुझी आई नव्हे," ती म्हणाली. "ती मी आहे. तोंड मी लपवते आहे. तिने तुझ्याकडे पाठ केली नाही, बाळा. कधीच केली नाही."

तिला वाटलं पोर ओरडेल. दार तोंडावर लावेल. तेही चाललं असतं.

भाची बादलीतल्या पाण्याकडे बघत म्हणाली, "आठ महिने मी तुझ्यासमोर जेवत होते. तुझी माफी मागत होते रोज."

थोरलीला जमीन दुभंगून पोटात घेईल तर बरं असं झालं. जमीन घेत नाही. ती जागची हलतसुद्धा नाही.

"मावशी."

"बोल."

"मग आई दुपारी कुठे असते?"

थोरलीला पायरीवरचा ओला डाग आठवला. मी बोलावते, असं तिने म्हटलं होतं. आणि बोलावलं नव्हतं.

७

दुसऱ्या दिवशी बाराला दहा कमी असताना दालन नेहमीसारखं भरलेलं होतं. दोन्ही बाजूंच्या बाकांवर माणसं, मधून चालायची वाट. नशीब बघा, न्यायाधीशीणबाईही होत्या, सासूबाईंची बैठक करून घ्यायला आलेल्या. भाची शेवटच्या बाकावर, हात मांडीत घट्ट धरून.

थोरली मागच्या दाराशी गेली. पायरीवर सावली होती. डावं पाऊल मागे. दगड ओला.

"इथून नको," ती सावलीला म्हणाली. "पुढच्या दाराने ये."

घंटा झाली. थोरली दालनाच्या मधोमध आली, उन्हात भाचीने आणलेला जुना पट अंथरला, चार कोपऱ्यांना चार दगड ठेवले. काळ्या शाईतली ती स्वतः तिथे वाकलेली होतीच. तिने तिच्यावर पांढऱ्या खडूचा हात मारला. शाई घोटणारा म्हातारा दौत घेऊन आला आणि काही न बोलता बाजूला बसला.

"बाई, आमची बैठक आधी," न्यायाधीशीणबाई म्हणाल्या. "हा कोणाचा पट?"

"माझ्या बहिणीचा."

"बहीण? कुठाय?"

"येतेय. चार घरची भांडी घासायची, पायाने जरा अधू आहे, वेळ लागतो तिला." आणि बत्तीस वर्षांत कधी दालनात आवाज चढवला नव्हता त्या मोठ्या बाईने उघड्या दाराकडे तोंड करून हाक मारली, "ए धाकटे! ये! मी बसलेय!"

तिने गुडघे टेकले. रिकाम्या पटासमोर, सगळ्यांदेखत. बाकावर कोणीतरी फिस्सकन हसलं. कोणीतरी म्हणालं, "वय झालं बाईंचं." न्यायाधीशीणबाईंनी छत्री या हातातून त्या हातात घेतली. ऊन चाललं होतं. पटावर काहीच नव्हतं. थोरलीचे कान तापले, मान तापली. पळून जावं असं वाटलं. ती पळाली नाही.

मग दाराजवळच्या बाकावरच्या माणसाने पाय आत घेतले.

सहज घेतले, बोलता बोलता, कोणी चाललं असेल तर आपण घेतो तसे. त्याच्या शेजारणीने घेतले. मग समोरच्याने. एकेक करत, दारापासून मधल्या उन्हाकडे, दोन्ही बाकांवरची माणसं पाय आत घेत गेली, आणि आपण का घेतले ते त्यांनाही कळल्यासारखं दिसलं नाही. हसणाऱ्याने घेतले. न्यायाधीशीणबाईंनीही घेतले, रेशीम सावरून. दालनात एक घासल्यासारखा आवाज होता, किंवा इतक्या चपलांचा मिळून तो झाला असेल. थोरलीने त्यातलं फर्रर्र टक् मोजायचा मोह आवरला.

तिच्या मानेवरचं ऊन गेलं.

पटावर, तिच्या गुडघ्यांसमोर, आखूड सावली पडली होती. पावलांची बोटं तिच्याकडे.

तिने बोरू बुडवला. वर बघायचं नाही, हे तिने ठरवलं नव्हतं. मान उचललीच गेली नाही. कोणत्या तोंडाने बघणार होती? ती उजव्या टाचेपासून लिहायला लागली. मानेवर थेंब पडला, गार, आणि साबणाचा वास आला. हात हलला, अक्षर फाटलं, तिने तसंच ठेवलं. कड घेताना तिची नजर जराशी बाजूला गेली आणि शेवटच्या बाकावरची भाची दिसली. भाची मावशीकडे बघत नव्हती. ती मावशीच्या डोक्याच्या वर बघत होती, उभ्या माणसाचं तोंड असतं तिथे. आणि तिचे ओठ उघडे राहिले होते.

उजवं पाऊल झालं. आता डावं. बोरू जवळ गेला तसं ते मागे सरकलं, उजव्याच्या आड, फाटकं पांघरूण आत सारावं तसं. आणखी एक थेंब पडला.

छताच्या काचेतून ऊन कलायला लागलं होतं. मिनिटभर उरलं असेल.

"असू दे गं," थोरली पटाकडे बघत म्हणाली. "माझ्यापुढे कसली लाज? आहे तसंच ठेव."

तिने बोरू तसाच पटाजवळ धरून ठेवला.

मग फरशीवर काहीतरी घासलं, आणि डावं पाऊल हळूहळू पुढे आलं.